पोकळ चेहऱ्याची नजर

मित्रांनो, मी एक जुना प्लास्टरचा साचा आहे. नाकाच्या जागी मला खड्डा, गालांच्या जागी खळगे. रूप यथातथाच, पण ऐट मात्र दांडगी.

एका शिल्पकार बाईंनी इस्पितळातल्या परिचारिकेचा चेहरा मातीत घडवला आणि त्यावर प्लास्टर ओतून मला काढलं. माझ्या पोटातून मग तिचा पांढराशुभ्र मुखवटा निघाला. सगळं कौतुक त्याचं झालं आणि माझी रवानगी कोपऱ्यात. गरज सरो, वैद्य मरो!

इस्पितळात मुखवट्याचं अनावरण व्हायचं, त्याच सकाळी तो बाईंच्या हातातून निसटला आणि त्याचे तुकडे झाले. ती परिचारिका वर्षापूर्वीच गेली होती. तिचा चेहरा पुन्हा एकदा डोळे भरून पाहायला तिची थोरली बहीण दुरून आली होती. नवा मुखवटा ओतून वाळवायला वेळ नव्हता, मग तिला आता काय दाखवायचं?

तुकडे गोळा करता करता बाई थबकल्या. त्या जिकडे सरकत, तिकडे कोपऱ्यातला चेहरा वळत होता. तो मीच! मी जागचा हललो नव्हतो बरं का. पण माणसाचा मेंदू मोठा हट्टी. जन्मभर त्याने पुढे आलेलीच नाकं पाहिलेली, मग आत गेलेलं नाक तो कबूल करत नाही. खड्ड्याला उंचवटा समजतो आणि बघणारा सरकला की चेहराच वळला असं ठरवून मोकळा होतो.

बाईंनी मला पुसलं, इस्पितळात नेऊन भिंतीवर टांगलं आणि खाली मंद दिवा लावला. थोरली बहीण दारातून आत आली. डावीकडे सरकली, मग उजवीकडे.

"अशीच बघायची ती," बहीण म्हणाली. "खाट जरा कुरकुरली की हिची मान वळलीच."

गाल कुरवाळायला तिने हात पुढे केला, तो आत खोल गेला. बाई ओशाळल्या आणि घडलेलं सगळं त्यांनी सांगून टाकलं. बहीण मागे सरकली. खरं काय ते कळलं होतं, तरी चेहरा पुन्हा बाहेर आला. ती डोळे पुसत हसली.

"नवा मुखवटा नको. हाच राहू दे."

तेव्हापासून मी या वॉर्डात मानाने राहतो. मित्रांनो, माझ्या नाकात बोटं घालू नका, धूळ मऊ कुंचल्याने झटका. इथे कूस बदलणाऱ्या प्रत्येक आजाऱ्याला वाटतं, आपल्याकडे कुणीतरी पाहतंय.