जोडचांदाचा उरलेला कोपरा

मी जोडचांद बोलतोय. पूर्ण नव्हे, माझा एक कोपरा उरलाय, तेवढाच बोलतोय. सध्या मुक्काम भट्टीवाल्या काकूंच्या स्वयंपाकघरात, पालथ्या वाटीखाली. शेजारी दूध तापत ठेवलंय, म्हणजे माझ्याकडे फार वेळ नाही.

आमच्या आकाशात दोन चंद्र आहेत. वर्षातून एकदा, भर दुपारी, ते एकमेकांना टेकतात. त्या दिवशी गावातून मिरवणूक निघते ती डोंगरातल्या गुहेपाशी. तिथे एक म्हातारे ड्रॅगन राहतात. सगळे त्यांना डोंगरआजोबा म्हणतात. त्यांना दोन चंद्रांच्या आकाराची, एकेचाळीस पदरांची पेस्ट्री द्यायची. तीच जोडचांद. आजोबा "छान झालाय हं" म्हणतात आणि मशालीवर फुंकर मारतात. त्या जाळावर गावातल्या सगळ्या भट्ट्या वर्षभर चालतात.

नियम एकच. जोडचांदाला माणसाचं तोंड लागता कामा नये. कणभरसुद्धा चाखायचा नाही.

सगळं बिघडलं ते इथेच. जो पदार्थ चाखायचाच नाही, त्याचं कौतुक कशावरून करणार? दिसण्यावरून! लोण्याने पदर खचतात, म्हणून कुणा खापरपणजीने लोणी कमी केलं. साखरेने कडा काळ्या पडतात, म्हणून तिच्या सुनेने साखर काढली. तिच्या सुनेने ताठ उभा राहावा म्हणून खळ घातली. पुढचीने चकाकीसाठी डिंक फासला. प्रत्येक सुनेला सासूपेक्षा सरळ जोडचांद उभा करायचा होता, आणि तो होत गेला. मिठाची आठवण मात्र कुणाला झाली नाही.

गेली काही वर्षं आजोबांची फुंकर मंदावत चालली होती. मागच्या वर्षी मशाल नुसती धुमसली. काकूंच्या भट्टीत सकाळी घातलेला पाव संध्याकाळपर्यंत गोरा तो गोराच. मिरवणुकीचे मानकरी मिशीवर ताव देत म्हणाले, "काकू, तुमच्या हाताला गुण नाही. पुढच्या सणाला जाळ नीट आला नाही, तर भट्टी दुसऱ्या घरी जाईल."

नऊ पिढ्यांची भट्टी. काकूंनी मान खाली घातली आणि त्या दिवसापासून त्यांचं जेवणावरचं लक्ष उडालं.

यंदा सणाच्या सकाळी आधी माझा थोरला भाऊ जन्मला. गुडघ्याएवढा उंच, आरशासारखा लख्ख. मानकरी त्याला बघायला आले आणि त्याच्यात बघून मिशी विंचरून गेले.

ते जाताच काकूंच्या सासूबाई पुढे सरकल्या. "सूनबाई, चाळीस वर्षं मी हा केला. पण लागतो कसा, ते मला अजून माहीत नाही."

"आई, नियम आहे."

"भट्टी जायचीच असेल, तर मला चव तरी घेऊ दे." आणि त्यांनी थोरल्याचा कोपरा कचकन चावला.

आवाज आला, पण तो थोरल्याचा नव्हता. सासूबाईंचा पुढचा दात पदरात रुतून बसला होता.

"अगं, हा पदार्थ आहे की उंबरठा?" त्या तोंड धरून ओरडल्या. मग थोरल्याकडे बघत म्हणाल्या, "चाळीस वर्षं मी त्यांना हे खायला घातलं गं. आणि दर वर्षी ते म्हणाले, छान झालाय."

काकूंनी एकदा थोरल्याकडे पाहिलं, एकदा सासूबाईंच्या तोंडाकडे. मग पदर खोचला. घरात होतं तेवढं लोणी काढलं, मध ओतला, मीठ टाकलं. पीठ मळता मळता बोट तोंडात घातलं, डोळे मिटले आणि आणखी चिमूटभर मीठ घातलं. मी कुणीतरी खावं म्हणून आहे, हे मला त्या बोटामुळे पहिल्यांदा कळलं.

वेळ थोडा होता. भट्टीतला सगळा विस्तव त्यांनी एका कोपऱ्यात ओढला आणि मला त्यावर ठेवलं. एकेचाळीस पदर कुठले, अकरावर भागलं. माझा एक चंद्र फुगला, दुसरा रुसल्यासारखा बसला. पण वास! रस्त्यावरची दोन माणसं उगाचच दारात येऊन "काय म्हणता काकू?" विचारून गेली.

मला पितळी झाकणाखाली घालून वाजतगाजत नेलं. गुहेपाशी मानकऱ्यांनी झाकण उचललं आणि त्यांचा चेहरा पडला.

"हे काय? याच्यावर कुणी बसलं होतं का?"

काकूंनी ताट पुढे केलं.  डोंगरआजोबा सवयीने डोळे मिटूनच म्हणाले, "छान झाला..." आणि थांबले. नाकपुड्या हलल्या. एक डोळा उघडला.

"हा खायचा आहे?"

"हो, आजोबा."

"मग आजवर जे आणत होता, ते?"

"तेही खायचेच होते," काकू पुटपुटल्या आणि त्यांनी सासूबाईंच्या दातासकट सगळं खरं सांगून टाकलं.

आजोबांनी वळून गुहेत पाहिलं. तिथे माझ्या शंभरेक थोरल्यांचा मजबूत जिना होता. "ही पहिली पायरी आणलीत, त्याच वर्षी माझी दाढ हलली," ते ओशाळून म्हणाले. "पण तुम्ही इतक्या हौसेने आणता, तोंडावर कसं सांगायचं? आणि उपाशीपोटी फुंकर तरी कुठून येणार?"

मग त्यांनी मला खाल्लं. सावकाश, डोळे मिटून. आणि असा जाळ निघाला की मशाल पेटली, राखीव मशाल पेटली आणि मानकऱ्यांची डावी मिशी गेली. उजवी त्यांनी अजून ठेवली आहे. का, ते कुणी विचारत नाही.

भट्टी काकूंकडेच राहिली. थोरल्याला दाराला अडवण म्हणून लावलंय. तो त्यातही ताठ आहे.

माझा हा कोपरा आजोबांनी मुद्दाम ठेवला होता. म्हणाले, "ज्यांचा दात गेला, त्यांना द्या."

दूध तापलं. सासूबाई पाटावर बसल्या आहेत. मला दुधात बुडवतील, म्हणजे उरलेल्या दातांना त्रास नको. वाटी उचलली गेली. चाळीस वर्षं वाट पाहून त्या आता डोळे मिटताहेत.

येतो मी. सासूबाई, एवढंच मागणं आहे. नाही आवडलो, तर तोंडावर सांगा.