मानेची दोरी

"ती जागा माझी आहे," तामोत्सु म्हणाला, तसा दोऱ्यांपाशी बसलेला दाइगो गडबडून उठायला लागला. त्याच्या बापानं, कियोहारुनं, त्याचा खांदा दाबून त्याला खाली बसवलं.

"बस तू," कियोहारु म्हणाला. मग तामोत्सुकडे न बघता, "जरा बाहेर येतोस?"

ताकायामा गावच्या वसंतोत्सवाची शेवटची तालीम होती. गल्लीच्या सभागृहात बगळ्याच्या रथावरची बाहुली तुळईवर उभी केली होती आणि तिचे हात, पाय, कंबर, पंखा हलवणाऱ्या दोऱ्या धरून माणसं मागे बसली होती. मानेची दोरी तामोत्सुची. त्याच्या आधी ती त्याच्या वडिलांची होती. वर्षभर तो सोयाबीन आंबवून मिसो करायच्या वखारीत पिंपं ढवळायचा, मालकाची बोलणी खायचा. पण उत्सवात रथाच्या माळ्यावर, पडद्याआड घामानं निथळत तो ती दोरी ओढायचा आणि बाहुली वळून मागे बघायची. तेवढ्यावर त्याचं उरलेलं वर्ष निघायचं.

अंगणात कोपऱ्यात अजून बर्फ साचलेलं होतं. कियोहारुनं सिगारेट पेटवली.

"बैठकीत ठरलं. माझ्या एकट्याचं काही नाही त्यात."

"कुठली बैठक? मला कुणी बोलावलं नाही."

"तुझ्याबद्दलच होती ना. तुला कसं बोलावणार?"

"माझ्याबद्दल काय?"

कियोहारुनं धूर सोडला. "तुझं बोट."

तामोत्सु त्याच्याकडे बघतच राहिला. बोटाचं जगात एकाच माणसाला ठाऊक होतं. हिवाळ्यात, गल्लीच्या सामायिक न्हाणीघरात गळ्यापर्यंत गरम पाण्यात बसून त्यानं स्वतःच ते सांगितलं होतं. उजव्या हाताचं बोट थरथरतं रे, सकाळी जास्त. बायकोलाही बोललो नाहीये. तेव्हा कियोहारुनं, शाळेपासूनच्या मित्रानं, त्याची पाठ चोळून दिली होती. म्हणाला होता, माझ्यापाशी राहील.

"तू सांगितलंस."

"बाहुली किती जुनी आहे, तामो! सगळ्या गावासमोर मान निखळली असती तर? तुझ्या भल्यासाठीच..."

"आणि जागा तुझ्या पोराला दिली, तीही माझ्या भल्यासाठी?"

"सगळ्यांना सांगितलंय की तू आपणहून सोडलीस," कियोहारु घाईघाईनं म्हणाला. "तुझी लाज राखली. आमच्या मानकऱ्यांत चाल, रथाच्या पुढे. तुझा पोशाखही काढून ठेवलाय."

"वा!" तामोत्सु हसला. "म्हणजे मीच सोडली, आणि मलाच सगळ्यात शेवटी कळलं."

घरी आल्यावर त्यानं बायकोला, फुसाएला, सगळं सांगितलं. ती मुळा किसत होती. किसणीवरचा हात थांबला.

"बोटाचं त्याला सांगितलंत. मला नाही."

"तुला उगाच काळजी नको म्हणून..."

"अहो, रोज जेवताना तुमच्या वाडग्यावर काड्या वाजतात. मला काय ऐकू येत नाही? वाट बघत होते, कधी सांगाल म्हणून." तिनं किसलेला मुळा पिळला, पुन्हा पुन्हा पिळला, त्यात पाणी उरलं नव्हतं तरी.  कियोहारुवरचा राग होता तसाच राहिला, पण आता तो नुसता राग नव्हता.

उत्सवाच्या दिवशी त्यानं मानकऱ्याचा पोशाख घातला नाही. वखारीत घालायचा कोट चढवून तो फुसाएबरोबर गर्दीत उभा राहिला. शेजारी गल्लीतली तोफूवाली होती. तिनं त्याला बघून वाकून नमस्कार केला.

"तामोत्सुसान! तरुणाला आपली जागा दिलीत म्हणे. फार मोठं मन लागतं हो त्याला!"

आजूबाजूच्यांनी माना डोलावल्या. तो नुसता हसला असता तरी भागलं असतं. सगळं गोड झालं असतं.

"मी दिली नाही," तो म्हणाला. "माझ्याकडून काढून घेतली."

तोफूवालीचं हसू तिथंच थिजलं. कुणी आकाशाकडे बघितलं, कुणी फुललेल्या झाडाकडे. रस्त्यात, मानकऱ्यांच्या रांगेत उभ्या कियोहारुला ते ऐकू गेलं असणार, कारण त्याची पाठ एकदम ताठ झाली. पण तो वळला नाही.

बासऱ्या सुरू झाल्या. बाहुली पडद्यातून पुढे आली आणि तिनं तुळईवर पाऊल टाकलं.

तामोत्सुनं तिला समोरून कधी पाहिलंच नव्हतं. माळ्यावरून दिसायची ती तिची पाठ, लाकडी सांधे, ताणलेल्या दोऱ्या. इथून दोऱ्या दिसत नव्हत्या. एक मुलगी चालत होती. तिनं पंखा उघडला, दोन पावलं पुढे गेली, आणि मग कुणीतरी हाक मारल्यासारखं थबकून तिनं खांद्यावरून हळूच मागे बघितलं. वेळेवर, हिसका न बसता. आपण श्वास रोखून चूक होण्याची वाट बघत होतो हे तामोत्सुला तेव्हा कळलं. चूक झाली नाही.

टाळ्यांचा कडकडाट झाला. फुसाएचे हातही दर वर्षीच्या सवयीनं वर आले, दोनदा वाजले आणि थांबले. तिनं ते चटकन बाह्यांत ओढून घेतले.

"वाजव," तामोत्सु म्हणाला. "बाहुलीनं काय वाकडं केलंय आपलं?"

बाहुली पडद्याआड गेली, तरी तो तुळईकडे बघत उभा होता. शेजारी फुसाए एकटीच टाळ्या वाजवत होती.