चिखलातली हरणी

राष्ट्रीय उद्यानात होडी चालवणारी ती एकटीच बाई, म्हणून सगळे तिला कॅप्टन म्हणत. तिची धाकटी जाऊ मात्र गेल्या उन्हाळ्यापासून तिला काहीच म्हणत नव्हती. दोघींचे नवरे सख्खे भाऊ. वर डोंगरातल्या चौकीवर वनरक्षक होते, आठवड्यातून एकदा घरी उतरायचे. खाली खाडीजवळच्या क्वार्टर्समध्ये या दोघी राहायच्या, भिंतीला भिंत लागून. आधी स्वयंपाक एकत्र होता. मग एक दिवस धाकटीने स्वतःची शेगडी आणली आणि मोठीने तोंडाला कुलूप लावलं. भांडण असं झालंच नाही. झालं असतं तर निदान मिटलं तरी असतं.

धाकटी तिकीट खिडकीवर बसायची. त्या दिवशी उद्यान बंद होतं आणि खाडीतल्या वळणांवरचे गंजलेले फलक बदलायचे होते. होडीवरचा खलाशी तापाने आडवा झालेला. साहेब म्हणाले, "तुम्ही दोघी जावाच जा की. घरच्या घरी काम होईल." साहेब नवीन होते, त्यांना बिचाऱ्यांना काय ठाऊक.

ओहोटीचं पाणी तळाला गेलं होतं. दोन्ही काठांना चिखल चकाकत होता आणि त्यात बगळे तोऱ्यात फिरत होते. होडीत "पाना" म्हटलं की पाना मिळायचा, "हातोडी" म्हटलं की हातोडी. बाकी कॅप्टन बोलली ती फलकांशीच. "सरळ उभा राहा बाबा," एवढंच.

लांबच्या वळणावर धाकटी एकदम उठून उभी राहिली.

"ताई, ते बघा."

एक हरणी पोटापर्यंत चिखलात रुतली होती. वरच्या वाळूवर रानकुत्र्यांचे ताजे ठसे होते. जीव वाचवायला ती इकडे धावली असणार. होडीच्या आवाजाने कुत्री पांगली, पण हिला हलताच येत नव्हतं. तिची मान खाली लोंबत होती.

"चौकीवर कळवू या का?" धाकटीने विचारलं.

"ते डोंगर उतरेपर्यंत भरती येईल. नाकातोंडात पाणी जाईल तिच्या." कॅप्टनने इंजिन बंद केलं. "मी उतरले तर तिच्याआधी मलाच काढावं लागेल. माझं वजन बघ आणि तुझं बघ."

धाकटीने चपला काढल्या. दोघींनी होडीच्या तळातल्या फळ्या उचकटून चिखलावर एकापुढे एक टाकल्या. कॅप्टनने धाकटीच्या कमरेला दोर बांधला, ओढून पाहिला, पुन्हा ओढून पाहिला.

"घाबरलीस तर ओरड. तेवढं तरी बोल."

"आणि तुम्ही दोर सोडू नका. राग असेल तरी."

धाकटी फळ्यांवरून पोटावर सरकत गेली. हरणीने डोळे पांढरे केले, मान झटकली, चिखलाचा सपकारा धाकटीच्या तोंडावर बसला. तिने ओढणी सोडून हळूच हरणीच्या डोळ्यांवर बांधली. हरणी शांत झाली, नुसती धापा टाकत राहिली. हाताने पायाजवळचा चिखल उकरावा, तर तो लगेच परत भरायचा.

"निघत नाही हो, ताई."

कॅप्टन काठाच्या खुणांकडे बघत होती. पाणी चढायला लागलं होतं. मग तिने अंगातलं लाइफ जॅकेट काढलं आणि आणखी एक त्याच्यासोबत फळीवरून ढकललं. "तिच्या गळ्याखाली बांध. डोकं वर राहिलं पाहिजे. आता ओढू नकोस. पाणी येऊ दे, तेच चिखल सैल करील."

"आणि नाही झाला तर?"

"तर तुला ओढून घेईन. मी आहे ना इथे."

पाणी फळ्यांखाली शिरलं, मग वर आलं. धाकटी हरणीच्या मानेला मिठी मारून तिच्याशी काहीबाही बोलत राहिली. पाणी धाकटीच्या छातीशी आलं, तसा हरणीचा एक पाय सुटला, मग दुसरा. एकदम सगळं अंग वर आलं आणि दोघी तरंगायला लागल्या. कॅप्टनने लांब बांबूने रेटत होडी जवळ नेली, जॅकेटचा पट्टा धरला आणि एका हाताने वल्हवत त्यांना वाळूकडे नेलं.

वाळूवर हरणी आधी कोसळली. धाकटीने जॅकेटं सोडली, ओढणी काढली आणि मागे सरली. बराच वेळ हरणी तशीच पडून होती. मग लटपटत उठली, अंग झटकलं आणि झाडीतून डोंगराच्या वाटेला लागली. मागे वळूनही पाहिलं नाही.

"आभार मानायची पद्धत दिसत नाही यांच्यात," कॅप्टन म्हणाली. धाकटीला हसू फुटलं, आणि हसता हसता रडू.

कॅप्टनने डबा उघडून उकडलेलं अंडं तिच्या हातात दिलं. "माझ्या हातचं आवडत नव्हतं, तर सांगायचं होतंस."

"आवडत होतं हो. पण मला कधी साधा चहासुद्धा करू दिला नाहीत तुम्ही. लग्न होऊन आले, तरी तुमच्या घरी पाहुणीच राहिले. म्हणून शेगडी आणली."

कॅप्टनने दुसरं अंडं सोलायला घेतलं.

"मला वाटायचं, मी तुझे लाड करतेय."

"करतच होतात. पण जीव गुदमरायचा."

शेगड्या पुढेही दोनच राहिल्या. कॅप्टनच्या सुट्टीच्या दिवशी मात्र ती धाकटीच्या ओट्याशी स्टूल ओढून बसायची आणि आयतं जेवायची. दोघींच्या नवऱ्यांनी पहिल्यांदा ते पाहिलं तेव्हा ते दारातच थबकले.

"मीठ जरा कमी आहे," कॅप्टन म्हणाली.

"घ्या वरून," धाकटी म्हणाली आणि पोळी लाटत राहिली.