केवळाबाईनं नाव घेतलं

चहाचं झाड असतं हे उभा जन्म चहा विकूनही व्यंकटीला खरं वाटत नव्हतं. भोकरच्या स्टँडसमोर त्याचं हॉटेल होतं. हॉटेल म्हणजे काय, तर दोन-तीन बाकडी, एक भट्टी आणि खिळ्याला टांगलेली गाळणी. पण आपल्याकडे चहा मिळतो त्या जागेला हॉटेलच म्हणतात. "पत्ती पोत्यातनं येती. पोत्यात कुठून येती ते देवाला ठावं," असं तो गिऱ्हाइकांना सांगायचा आणि वर म्हणायचा, "एकदा जाऊन बघावं म्हणून राहिलो." म्हणतच राहिला. त्या हॉटेलाच्या जिवावर त्याचा बालाजी विष्णुपुरीच्या कॉलेजात शिकला, इंजिनियर होऊन पुण्याला गेला, पण बापाला काही भोकरच्या पुढं चहाच्या मुलखात जाता आलं नाही.

आता व्यंकटी विसरत चालला होता. आधी चहात साखर टाकायची विसरला, मग नेहमीची गिऱ्हाइकं, मग हॉटेलावरून घरी यायची वाट. दिवाळीला बालाजी आला तर त्याला म्हणाला, "या पाव्हणे, कोणतं गाव?" पोरगा एवढा बाप्या गडी, पण न्हाणीत जाऊन रडला. सगळं गेलं, एक केवळाबाई तेवढी राहिली. तिनं "आवो" म्हटलं की व्यंकटी कुठंही असला तरी मान वळवायचा आणि हसायचा. डॉक्टर म्हणाले, हेही जाईल, मनाची तयारी ठेवा. ती कशी ठेवायची ते मात्र डॉक्टरनं सांगितलं नाही.

म्हणून केवळाबाई हट्टाला पेटली. चहा म्हणजे काय हे डोक्यातनं जायच्या आत ह्या माणसाला चहाचं झाड दाखवायचंच. नांदेडहून यात्रेची बस निघत होती. तिरुपती, रामेश्वर आणि परतताना ऊटी. ऊटीला चहाचा मळा आणि कारखाना दाखवणार होते. बालाजी फोनवर ओरडला, "माय, डोकं फिरलंय का तुझं? बाबा तिकडं हरवले म्हंजे?"

"घरात बसून तरी काय करायलेत? हरवायलेतच की," ती म्हणाली आणि गाठोडं बांधलं.

बसचा मॅनेजर संगमेश हा मुरुडचा तरणा गडी, बोलायला गोड आणि नियमाला कडक. आजारी माणूस गाडीत घेत नाही, असं त्यानं आधीच सांगितलं होतं. केवळाबाईनं ठोकून दिलं, "आजारी न्हाईत ओ. कानानं जरा कमी हायेत." थाप पचली. व्यंकटीनं काहीच्या बाही उत्तर दिलं की लोक म्हणायचे, ऐकू आलं नसेल बिचाऱ्याला. गाडीतली अर्धी माणसं रामेश्वरपर्यंत त्याच्या कानात बोंबलत आली. तो सगळ्यांकडं बघून हसायचा. केवळाबाई खिडकीची जागा त्याला देऊन स्वतः कडेला बसायची, म्हणजे उठला तर तिला ओलांडूनच उठावं लागेल.

ऊटीच्या अलीकडं मळा आला. डोंगरच्या डोंगर हिरवे, आणि झुडपं सगळी कमरेएवढी, वरून कापून सारखी केलेली. पाठीवर पिशव्या घेतलेल्या बाया शेंडे खुडत होत्या. केवळाबाईला हसूच आलं. हिवाळ्यात आपण हरभरा खुडतो तसंच हे! शेजारच्या सीटवरच्या गौरम्मा उदगीरच्या. त्या म्हणाल्या, "अक्का, भाजी करतात का हो याची?" गाडीभर हशा पिकला. व्यंकटी हसला नाही. तो काचेला कपाळ लावून बघत होता.

कारखान्यात गेल्यावर आधी ओल्या पानांचा वास आला. लांबलचक जाळ्यांवर पानं पसरलेली, खालून पंख्याचं वारं. पुढं यंत्रात पानं चिरडली जात होती, चिरडलेली हिरवी भरड हळूहळू तांबूस होत होती, मग भट्टीतून काळी होऊन बाहेर पडत होती. यंत्रांचा आवाज असा की शेजारच्याचं बोलणं कळेना. व्यंकटी लहान पोरासारखा तिचा पदर धरून चालला होता. "हे काय हाय?" तो विचारायचा. "चहा हाय, आवो." "न्हाई," तो म्हणायचा, "हे गवत हाय." केवळाबाईचा जीव खालीवर व्हायचा. उशीर झाला, तिला वाटलं, एवढ्या लांब येऊनही उशीरच झाला.

शेवटी चाळण्या होत्या. तिथं वाळलेली पत्ती जाडी, मध्यम, बारीक अशी वेगळी पडत होती. व्यंकटी थांबला. कुणी हो-ना म्हणायच्या आत त्यानं बारीक पत्तीत हात घातला, तळव्यावर घेतली, अंगठ्यानं चोळली, नाकाशी नेली. आणि त्याचा चेहरा उजळला.

"डस्ट हाय, केवळा," तो म्हणाला. "कडक. एका चमच्यात अख्खं भगुनं तांबडं करती बघ."

तिचं नाव घेतलं त्यानं. ती तिथंच, कारखान्याच्या माणसांसमोर, पदरानं डोळे पुसायला लागली. सगळ्या खटाटोपाचं सार्थक झालं होतं. आता काहीही होवो, असं ती मनात म्हणाली. माणसानं असं कधी म्हणू नये.

दारापाशी सगळ्यांना काचेच्या छोट्या पेल्यांतून चहा दिला. गौरम्मांनी चव घेऊन नाक मुरडलं आणि "दूध कुठंय याच्यात?" म्हणून केवळाबाईला विचारलं. तेवढ्या बोलण्यात केवळाबाईची पाठ वळली. वळून बघते तर व्यंकटी नाही. टेबलावरचे उष्टे पेलेही नाहीत.

ते मात्र तिला लगेच कळलं. जित्याची खोड! उष्टे पेले दिसले की ते उचलायचे आणि विसळायला न्यायचे, हे त्याच्या डोक्याला नाही, हाताला पाठ होतं. मागच्या दारानं तो पाणी शोधत गेला होता. दाराबाहेर नळ होता, नळापाशी एक पेला उपडा घातलेला. पुढं पायवाट मळ्यात उतरत होती, आणि मळ्यावर धुकं उतरत होतं.

"आवो!" तिनं हाक मारली. "आवो!"

मागं यंत्रं धडधडत होती. संगमेश धावत आला. माणसं गोळा झाली, इकडं तिकडं पांगली आणि मुकाट्यानं झुडपांत डोकावत फिरू लागली. हाक कुणीच मारेना. केवळाबाई कावली, "तोंडं शिवलीत का? वरडा की!"

"मावशी, काकांना ऐकू कुठं येतं?" संगमेश म्हणाला.

तिची थाप तिच्याच गळ्यात आली. तिनं संगमेशचा हात धरला. "येतं रे बाबा, सगळं ऐकू येतं. टिकत न्हाई डोक्यात. खोटं बोलले मी. पण आदी शोध त्यांना, मग काय बोलायचं ते बोल."

संगमेशनं घड्याळाकडं बघितलं. अंधाराच्या आत घाट उतरायचा होता. गौरम्मांनी वाटेवरून घरी निघालेल्या खुडणाऱ्या बायांना कानडीत विचारलं, अर्धं त्यांना कळलं, अर्धं हातवाऱ्यांनी. एक म्हातारा हातात पेले घेऊन खालच्या अंगाला गेला म्हणे. आणि संध्याकाळी त्या अंगाला गवे उतरतात म्हणे. हे दुसरं गौरम्मांनी सांगायला नको होतं, पण त्यांच्या पोटात काही राहत नसे.

मग सगळ्यांनी हाकांचा सपाटा लावला. "काका! ओ काका!" धुक्यातून काही आलं नाही. केवळाबाई "आवो, आवो" करत झुडपांतून घुसत होती, लुगडं फाटत होतं, आणि आजूबाजूच्या त्या गलक्यात तिचा तो एक शब्द तिलाच ऐकू येत नव्हता.

"अक्का, काका म्हटल्यावर कोण ओ देईल?" गौरम्मा धापा टाकत म्हणाल्या. "आपल्या गाडीत सगळे काकाच. नाव घेऊन हाक मारा."

केवळाबाईनं लग्नापासून नवऱ्याचं नाव तोंडातून काढलं नव्हतं. उखाण्यात घेतलं तर चालतं म्हणतात. ती तिथंही पदर तोंडाला लावून पळायची. दवाखान्यात नाव सांगायला ती शेजारणीला पुढं करायची. नाव घेतलं की माणसाचं आयुष्य कमी होतं, असं सासूनं उंबरा ओलांडतानाच कानात सांगितलेलं. आणि आत्ता संगमेश समोर उभा, "मावशी, नाव काय काकांचं?" तिनं सवयीनं पदर तोंडाला लावला. मग तिला ते गवे आठवले. कमी होऊ दे आयुष्य, तिनं मनात म्हटलं, पण ते आज संपू नये.

"व्यंकटी!" ती ओरडली. आवाज तिचा तिलाच ओळखू आला नाही. "व्यंकटीऽऽ!"

"हाव!" खालून ओ आली.

तो एका बांधावर बसला होता. ओले पेले शेजारी ओळीनं उपडे मांडलेले. अंगावर धुक्याचं पाणी. केवळाबाई त्याच्यापुढं कोसळलीच. त्याचे हात धरले, तोंडावरून हात फिरवला, रडू लागली. व्यंकटीनं आपले हात हळूच सोडवून घेतले.

"कोण ओ बाई तुम्ही?"

"आवो, मी. केवळा."

त्यानं तिला नीट निरखून बघितलं आणि मान हलवली. "न्हाई. मला नावानं हाक कुणी मारली? तुम्हीच ना? माझी बायको माझं नाव घेत न्हाई. मरंल, पण घेणार न्हाई."

"आवो," ती म्हणाली. "आवो, बघा ना हिकडं."

तो दुसरीकडं, वाटेकडं बघत होता. "तिला शोधून राहिलो. ती आल्याबिगर मी उठत न्हाई."

संगमेश वरून घाई करत होता. धुक्यात आता हातभर पुढचंही दिसत नव्हतं. केवळाबाईनं डोळे पुसले, पदर डोक्यावरून घेतला आणि परक्या बाईनं बोलावं तसं अदबीनं म्हणाली, "दादा, केवळाबाई गाडीत बसल्यात. त्यांनीच मला धाडलंय, तुम्हाला बोलवायला."

"मंग आधी न्हाई का सांगायचं!" व्यंकटी लगबगीनं उठला. पेले त्यानं आठवणीनं उचलून घेतले.

गाडीत तो पुढच्या सीटपासून मागच्या सीटपर्यंत एकेका बाईचं तोंड बघत गेला. मग तो आपल्या जागेवर, खिडकीशी जाऊन बसला. केवळाबाई त्याच्या शेजारी टेकली. त्यानं तिच्याकडं वळून, रागानं नाही, समजावून सांगितलं, "बाई, ही जागा धरल्याली हाय. माझ्या बायकोची हाय."

गौरम्मांनी बाजूच्या जागेवरची आपली पिशवी उचलून मांडीवर घेतली. केवळाबाई उठली आणि त्यांच्या शेजारी जाऊन बसली.