नोवे पोलेला माणसं हवीत

आमच्या सूर्यकांतला कुणी सांगितलं असतं की चंद्रावर इंजिनिअर हवेत, तर दुसऱ्या दिवशी त्याने पासपोर्टच्या झेरॉक्स काढून आणल्या असत्या. त्यात ते २००९ साल. दुबईतल्या निम्म्या क्रेन जागच्या जागी थांबल्या होत्या. बिल्डरकडची त्याची चांगली नोकरी गेली आणि तो जबल अलीच्या एका टाइल्सच्या गोदामात निम्म्या पगारावर चिकटला. अल कुसैसचा फ्लॅट सोडून आम्ही तिघं, नवरा-बायको आणि लेक, इंटरनॅशनल सिटीत एका खोलीत आलो. तिथे बिल्डिंगांच्या गटांना देशांची नावं दिलेली आहेत. आमच्या वाट्याला रशिया आला.

शेजारी हलिना राहायची. युक्रेनची, तेर्नोपिलकडची. पत्ता सांगताना ‘रशिया’ म्हणावं लागतं म्हणून तोंड कडू करायची, आणि तिचं हे मला पहिल्या दिवसापासून आवडलं. कागदावरचे फ्लॅट विकायची ती, कमिशनवर. क्रॅश झाल्यावर कागदही कुणी घेईना, मग एका सलूनमध्ये काउंटरला बसायला लागली. मुलगी तिकडे आईपाशी ठेवलेली. आमचं बोलणं मोडक्यातोडक्या इंग्लिशमध्ये, पण भांडणं आणि हसणं सगळं व्हायचं. माझ्या हातचं थालीपीठ ती उभ्या उभ्या खायची.

तर ही हलिना एकदा म्हणाली, ‘मी कॅनडाला जाणार. आमच्या लोकांचं गाव आहे तिथे.’

गावाचं नाव नोवे पोले. म्हणजे नवं शेत. सस्कॅचेवान नावाच्या प्रांतात, जिकडे बघावं तिकडे सपाट गवताळ जमीन. शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वी तिच्या पणजोबांचा भाऊ तिकडे गेला होता. सरकार दहा डॉलरला एकशेसाठ एकर देत होतं. मेंढीच्या कातड्याचे कोट घातलेली ही माणसं बोटीतून उतरली, पहिला हिवाळा जमिनीत खड्डा करून वर गवताच्या ढेपा रचून काढला, मग गहू लावला, घुमटांची चर्चेस बांधली. आणि आता त्यांची पोरंबाळं शहरात निघून गेली होती. आगगाडी बंद, दुकानं बंद, चर्चला कुलूप लागायची पाळी. म्हणून चर्चच्या कमिटीने ठरवलं होतं, पुन्हा माणसं आणायची. प्रांताच्या सरकारकडे कमिटी शिफारस करणार होती.

‘फक्त युक्रेनचीच?’ सूर्यकांतने विचारलं. त्याच्या हातातला चहा तसाच राहिला.

‘काम करणारी हवीत,’ हलिना म्हणाली. ‘घरं दुरुस्त करणारा इंजिनिअर हवाच आहे. मी तुमचं नाव सांगते.’

झालं! बाजारात तुरी आणि भट भटणीला मारी, तसं आमच्या घरी सुरू झालं. जेवताना हा आकडे सांगणार. हिवाळ्यात उणे तीस, उन्हाळ्यात रात्री दहापर्यंत उजेड. ‘अनु, तिथलं घर ऐंशी हजार दिरहमला मिळतं गं! म्हणजे दहा लाख रुपये! पुण्यात पार्किंग तरी येतं का दहा लाखात?’ आभा आमची दहा वर्षांची, तिला विचारलं की म्हणायची, ‘आय डोंट केअर, कॅन आय हॅव अ डॉग?’ बाप लगेच म्हणायचा, दोन घेऊ.

मी चिडवायची, गुडघ्याला बाशिंग बांधलंस म्हणून. पण खोटं कशाला बोलू, मीही त्या खोलीत पडल्या पडल्या एकशेसाठ एकर डोळ्यांपुढे आणायचे. आणि कमिटीचं उत्तर खरंच आलं. हलिनाचं काम पुढे गेलं होतं, तिच्यामागून आमचं. आता राहिलं होतं ते पोलिसांचं सर्टिफिकेट आणि मेडिकल. नवरा-बायको दोघांचंही नाव स्वच्छ हवं, एकाचं बिघडलं की सगळं कुटुंब बाद.

सूर्यकांतची एक खोड आहे. माणसाने उपकार केला की त्याची परतफेड होईपर्यंत याला अन्न गोड लागत नाही. आणि परतफेड विचारून करायची नाही, ओळखून करायची. समोरचा सहज बोलून गेलेला शब्द धरून ठेवायचा आणि एके दिवशी ती वस्तू त्याच्यापुढे ठेवायची. त्याच्या घरचं वळणच तसं. सासूबाई तर पाहुण्याने एकदा ‘वा’ म्हटलेली बरणी त्याच्या पिशवीत घालूनच पाठवायच्या.

हलिनाकडे सहा जानेवारीला त्यांच्या नाताळाचं जेवण असतं. आम्ही शेजारी आलो त्यानंतरच्या पहिल्याच जानेवारीत आम्हालाही बोलावलं होतं. मांसाशिवायचं, पहिला पदार्थ शिजवलेल्या गव्हाचा, मध घालून. आपल्या खिरीच्या जवळचाच. तो वाढताना ती म्हणाली होती, ‘यात खरं तर वाटलेली खसखस लागते. इथे नाही मिळत, मी तीळ घालते. आईच्या हातची चव येत नाही.’ एवढंच. घास गिळून पुढच्या गोष्टीकडे वळलीसुद्धा.

‘अरे, आमच्या अनारशाला लागते ती!’ सूर्यकांत म्हणाला होता.

दुबईत खसखशीला बंदी आहे हे आपल्या लोकांत शेंबड्या पोरालाही माहीत असतं. अफूच्या बोंडातली म्हणून तिथे ती अमली पदार्थांत धरतात. नवीन बाई आली की पहिल्या भिशीतच तिला सांगतात, बाई गं, मसाल्यात, अनारशात, कशातही आणू नकोस. मीच कितीजणींना सांगितलंय.

त्याच वर्षी डिसेंबरात तो वडिलांच्या वर्षश्राद्धाला पुण्याला गेला. परत यायच्या दिवशी मी आणि आभा जेवायच्या थांबलो होतो. फ्लाइट उतरली, फोन लागेना. मग फोन आला तो नूरुद्दीनभाईंचा. हे त्याच्या कंपनीचे सरकारी कामं बघणारे, मूळचे रत्नागिरीचे.

‘भाभी, घाबरू नका. साहेबांना एअरपोर्टवर थांबवलंय. बॅगेत मेतकुटाच्या डब्यात खसखस मिळाली.’

मेतकुटाच्या डब्यात! लपवून! म्हणजे त्याला ठाऊक होतं. शहाण्याला वाटलं असणार, मूठभर तर आहे, घरगुती जिन्नस, कोण बघतंय. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते याहून वेगळं काय असतं? मी पहिल्यांदा रडले नाही, आधी त्याला शिव्या घातल्या. भिंतीकडे बघून, मोठ्याने. मग आभा रडायला लागली तेव्हा गप्प बसले.

नूरुद्दीनभाई दुसऱ्या दिवशी ऑफिस सोडून आले. चहाही घेतला नाही. म्हणाले, ‘भाभी, एक रस्ता दिसतो. साहेब सांगतायत, शेजारच्या मॅडमच्या सणासाठी आणली. पण नुस्ता त्यांच्या बोलण्यावर कोण विश्वास ठेवणार? त्या मॅडमनी येऊन एवढंच सांगावं, की हो, आमच्या सणाच्या जेवणात पडते, माझ्यासाठीच आणत होते. नशापाण्याचा संबंध नाही हे कळलं की मामला हलका होईल. वकील पण तेच म्हणतो. इन्शाल्ला, केस न होता सुटतील.’

केस न होता. म्हणजे नाव स्वच्छ. म्हणजे कॅनडा अजून हातचं गेलेलं नव्हतं. मी तशीच चपला सरकवून शेजारचं दार वाजवलं.

हलिनाने दार उघडलं. आत पलंगावर बॅग उघडी होती, लोकरीचे कपडे घडी करून ठेवलेले. तिला बातमी कळलीच होती. ‘किती वाईट झालं,’ म्हणत तिने मला मिठी मारली. मी मिठीत थांबले नाही.

‘हलिना, तू चल. एक वाक्य सांगायचंय.’ मी सगळं समजावलं.

तिने बॅगेचं झाकण लावलं, पुन्हा उघडलं. मग म्हणाली, ‘मी मागितली नव्हती, अनुपमा.’

‘नव्हतीस मागितली. तेच सांग. मागितली नव्हती, पण माझ्यासाठी आणली.’

‘माझं नाव त्या फाइलमध्ये जाईल.’

‘साक्षीदार म्हणून!’

‘माझं पोलिस सर्टिफिकेट अजून यायचंय.’ ती पलंगाच्या कडेला बसली. ‘ऐक. माझे पणजोबा आणि त्यांचा भाऊ, दोघं एकत्र निघाले होते. बंदरावर डॉक्टरने तपासलं. पणजोबांचे डोळे आले होते. त्यांना परत पाठवलं. भाऊ थांबला नाही, बोटीत चढला. त्याची मुलं गव्हाच्या राशीवर खेळली. पणजोबांची तीन मुलं रशियनांनी सैबेरियात नेली, एक परत आला. तो माझा आजा. आमच्या घरी शंभर वर्षं एकच गोष्ट सांगतात, त्या डोळ्यांची. मी बंदरावरून परत जाणार नाही. माझी मुलगी तिथे वाट बघत्येय.’

‘आणि माझी कुठे आहे? भिंतीपलीकडे आहे माझी!’ मी ओरडले. ‘आमचं थालीपीठ चाललं, सूर्यकांतने तुझा फ्रीज उचलून आणला तो चालला. गरज सरो, वैद्य मरो!’ हे मी मराठीत बोलले. तिला कळलं नसेल, पण कळलंही असेल.

ती रडत होती. पण उठली नाही. खरं सांगू? तिचं म्हणणं मला पटत होतं. तिच्या जागी मी असते तर आभाला उराशी धरून मीही तशीच बसून राहिले असते. आणि पटत होतं म्हणूनच मला तिचा असा संताप आला, की तिचं तोंड पुन्हा बघू नये असं वाटलं.

त्या आठवड्यात मला सूर्यकांतला भेटू दिलं. मध्ये काच. दाढी वाढलेली, शर्ट दुसऱ्याचा वाटावा असा ढगळ. आभाचं विचारलं नाही, माझं विचारलं नाही. पहिलं वाक्य, ‘हलिना आली होती का गं? तिने सांगितलं ना?’

मला म्हणायचं होतं, नाही आली तुझी हलिना. लोकर घड्या घालत बसलीय. पण तो काचेला इतका चिकटून विचारत होता, की माझी जीभ वळली ती भलतीकडेच.

‘आली होती,’ मी म्हटलं. ‘सगळं सांगितलं तिने. त्यांनी ऐकलं नाही.’

त्याचे डोळे भरले. ‘बिचारी,’ म्हणाला. ‘स्वतःचं सर्टिफिकेट अडकायचं असताना आली. अशी माणसं असतात, बघ अनु.’

दोन महिन्यांनी त्याला डिपोर्ट केलं. मी खोली आवरली, आभाचा शाळेचा दाखला काढला. नूरुद्दीनभाई विमानतळापर्यंत आले. ‘खलास भाभी, आता मागे बघू नका,’ म्हणाले. हलिना त्याआधीच निघून गेली होती, दाराखालून निरोपाची चिठ्ठी सरकवून. मी ती न वाचता फाडली.

आता चिंचवडला आहोत. सूर्यकांत एका टाइल्सच्या कंत्राटदाराकडे सुपरवायझर. कॅनडाची वाट कायमची बंद झाली. पण माणूस काय सुधारतोय? हलिनाला त्याने शोधून काढलं. दर सहा जानेवारीला फोन करतो. सोसायटीच्या मीटिंगमध्ये सांगतो, ‘आमच्या नोवे पोलेत आठ कुटुंबं नवी आली यंदा.’ आमच्या! लोक विचारतात, तुम्ही कधी होतात तिथे? हा म्हणतो, जाणारच होतो. चेहरा असा, जणू अजून सामान बांधायचंच बाकी आहे.

परवाही फोन लावला होता. बोलता बोलता दारावर गॅसवाला आला, तर माझ्या हातात फोन कोंबून हा दार उघडायला गेला. इतक्या वर्षांत पहिल्यांदा मी तिचा आवाज ऐकला. म्हातारा झाला होता.

‘अनुपमा, एक विचारू? तो दर वर्षी मला थँक यू म्हणतो. पोलिसांकडे गेले म्हणून. मी कुठे गेले होते?’

‘नव्हतीस गेली. मी त्याला तसं सांगितलंय.’

 मग म्हणाली, ‘मला हे सहन होत नाही. आज मी त्याला खरं सांगते.’

माझं डोकं सटकलं. ‘खबरदार!’ मी आवाज दाबून म्हटलं. ‘तुला हलकं वाटावं म्हणून? त्याच्याजवळ त्या गावाशिवाय दुसरं काही राहिलेलं नाही. तो थँक यू म्हणेल, तू ते घ्यायचं. दर वर्षी घ्यायचं. जिवंत आहेस तोवर घ्यायचं.’

ती रडायला लागली. मी ऐकत राहिले, फोन कानापासून काढला नाही.

सूर्यकांत सिलिंडर आत ढकलून हात पुसत आला. ‘काय म्हणते?’

‘थंडी फार आहे म्हणते,’ मी म्हटलं आणि फोन त्याच्या हातात दिला.