अठ्ठेचाळीस खिशांचा नकाशा

मित्रांनो, मी एक जुना नकाशा आहे. पण थांबा, कागदाचा नाही हं! मी कापडाचा आहे. वाळवा तालुक्यातल्या चिंचमळा गावच्या शाळेत माझा जन्म झाला, तोही गणवेशांच्या उरलेल्या तुकड्यांतून. खाकी तुकडे मुलांच्या चड्ड्यांचे, निळे मुलींच्या स्कर्टचे आणि पांढरे सगळ्यांचे. म्हणजे बघा, अख्खी शाळा माझ्या अंगात आहे!

माझ्यावर महाराष्ट्र आहे. आणि महाराष्ट्रावर खिसे आहेत, चांगले अठ्ठेचाळीस. आपल्या राज्यातून लोकसभेत अठ्ठेचाळीस खासदार जातात ना, त्या प्रत्येकाच्या मतदारसंघाचा एक खिसा, आणि खिशात त्या खासदाराच्या नावाचं कार्ड. खालच्या काठाला आणखी एकोणीस छोटे खिसे आहेत. ते राज्यसभेचे. त्यांना आमदार निवडून देतात, म्हणून ते नकाशाच्या बाहेर, झालरीसारखे.

मला शिवलं शालूबाईंनी. त्या गावच्या शिंपीणबाई. २००९ साली नवे मतदारसंघ आले तेव्हा नागरिकशास्त्राच्या सरांनी त्यांच्यासमोर आकृती ठेवली आणि शालूबाई हसत सुटल्या.

"आवं सर, ह्यो गडचिरोलीचा तुकडा केवढा मोठा! ह्यात एका पोराची अख्खी चड्डी निघंल. आन मुंबईला म्हंजे एका रुमालात सहा खिसं? माजं डोळं जात्याल की!"

डोळे काही गेले नाहीत. सहाही खिसे बसले. जिल्ह्यांच्या हद्दी त्यांनी पांढऱ्या नाडीने शिवल्या आणि मतदारसंघांच्या हद्दी घोंगडीच्या काळ्या लोकरीने. नाडी आणि लोकर बऱ्याच ठिकाणी हातात हात घालून चालत होत्या. पण आमच्या वाळव्याजवळ आल्यावर शालूबाईंची सुई थबकली.

"सर, वाळवं-शिराळं सांगली जिल्ह्यात. मग ही लोकर हातकणंगल्याकडं कशापायी वळवायची?"

"जिल्हा वेगळा आणि मतदारसंघ वेगळा, शालूबाई," सर म्हणाले. "आपले कलेक्टर सांगलीचे, पण आपला खासदार हातकणंगल्याचा. तिकडे फलटण-माण सातारा जिल्ह्यात आहेत, पण त्यांचा खासदार माढ्याचा."

"म्हंजे माहेर एक आन सासर एक!" असं म्हणून शालूबाईंनी लोकर वळवली.

मग काय सांगू मित्रांनो, माझे दिवस सुरू झाले! शाळेत एक प्रथाच पडली. जून महिन्यात आठवी-नववीची मुलं माझ्यासमोर रांग लावायची. ज्याने ज्या खिशात हात घातला, तो वर्षभर त्या मतदारसंघाचा खासदार. दर शनिवारी त्याने आपल्या भागाची एक बातमी आणायची आणि त्यावर बोलायचं. जूनमधल्या त्या रांगेच्या दिवसाला मुलं 'खिसादिवस' म्हणायची. नंदुरबार मिळालेली मुलगी मिरच्यांच्या भावावर तावातावाने बोलायची आणि भंडारा-गोंदियावाला कधीही न पाहिलेल्या तलावांसाठी भांडायचा. इकडे ऊस बघून कंटाळलेली पोरं तिकडच्या धानाची काळजी करायची! मला इतका अभिमान वाटायचा की वाऱ्याशिवायही मी थोडा फडफडायचो.

निवडणूक झाली की माझी कार्डं बदलायची. काही नावं जायची, काही परत यायची. खिसे मात्र तेच.

मग कोरोनात दोन वर्षं शाळा बंद राहिली. शाळा उघडली तेव्हा भिंतीवर मोठ्ठा टीव्ही आला, आणि मी गुंडाळून कपाटावर गेलो. टीव्हीचा मला राग नाही बरं का. तो हुशार आहे, फक्त लाईट गेली की त्याला काहीच आठवत नाही. पण कपाटावर मला कसर लागली. त्या बारक्या किड्यांना नाडी नको असते, त्यांना लोकर आवडते. त्यांनी वाळवा आणि शिराळ्याजवळची काळी रेघ चाटूनपुसून खाल्ली. हातकणंगल्याचा खिसाही एका बाजूने उसवला आणि आत दुमडला. मी ओरडलो, पण नकाशाचं ओरडणं कुणाला ऐकू जातं?

मागच्या वर्षी कुपवाडहून रोज स्कूटीवर येणाऱ्या रेश्मा मॅडम आमच्या शाळेत रुजू झाल्या. कपाट साफ करताना मी त्यांच्या डोक्यावर पडलो. "अगं बाई, हे काय भन्नाट आहे!" त्या ओरडल्या. त्यांनी मला झटकलं, मुलांकडून नवी कार्डं घालून घेतली, आणि मित्रांनो, खिसादिवस परत आला!

त्या दिवशी नुसती झुंबड! सगळ्यात आधी धैर्यशीलने सांगलीचा खिसा पटकावला. धैर्यशील म्हणजे गावातल्या मोठ्या ऊसवाल्यांचा मुलगा. आवाज खणखणीत, केस कायम ओले करून बसवलेले. "आपला गाव, आपला खासदार!" तो कार्ड नाचवत म्हणाला. सातारा राजनंदिनीने घेतला. सत्तेचाळीस खिसे रिकामे झाले तेव्हा धापा टाकत अंजना आत आली.

अंजना मूळची कवठे महांकाळकडची. तिचे आबा सिद्धू मेंढपाळ. दोन वर्षांपूर्वी ते हायवेच्या पलीकडच्या माळावर घर करून राहिले. शाळा अलीकडे, घर पलीकडे, आणि मध्ये धो धो वाहणारा हायवे. तो ओलांडायला कधी दहा मिनिटं लागायची, कधी पंचवीस. त्या दिवशी पंचवीस लागली.

"आली बघा लेटलतीफ!" धैर्यशील म्हणाला. "समदं खासदार संपलं. तू आता मतदार हो."

पण मॅडमनी माझी दुमडलेली घडी उलगडली आणि आतून शेवटचं कार्ड निघालं. हातकणंगले. वर्ग खो खो हसला. अंजनाने ते कार्ड दप्तरात नाही, कंपासपेटीत ठेवलं. मी बघितलं ना!

हिवाळ्यात सांगलीला विश्रामबागच्या एका कॉलेजात शाळांची अभिरूप लोकसभा ठरली. प्रत्येक शाळेचे तीन सदस्य. नियम असा, की ज्याचा जो मतदारसंघ, त्याने तिथलाच प्रश्न मांडायचा. शिवाय शाळेचं स्वतःचं एखादं साहित्य न्यायचं. टीव्ही काही एसटीत बसत नव्हता, म्हणून नंबर माझा लागला! बोलायला धैर्यशील आणि राजनंदिनी, आणि अंजना मला काठीला अडकवून धरायला. ती टाका छान घालते म्हणून मॅडमनी आदल्या रविवारी मला तिच्या घरी डागडुजीला दिलं.

मी पहिल्यांदा मेंढरं पाहिली! त्यातल्या एकीने कोकण चाखून बघितलं. अंजनाने तिला हाकललं आणि अंगणात मला पसरलं. वाळव्याजवळ लोकरीची दोन तुटकी टोकं तिला दिसली. एक वरून येत होतं, एक खालून. मध्ये सुईच्या भोकांची ओळ तेवढी शिल्लक. तिने आजीने कातलेली काळी लोकर घेतली आणि भोकाभोकातून ओवत ती टोकं जोडली. रेघ सांगली जिल्ह्याच्या आतून वळली आणि चिंचमळ्याला हातकणंगल्याच्या बाजूला घेऊन गेली. अंजना बघतच राहिली.

"आबा, आपलं मत कुठं हाय?"

"कवठ्यात हुतं तवा सांगलीला हुतं. हितं यादीत नाव लावलं तर हातकणंगल्याला गेलं. का गं?" सिद्धू मेंढरांना पाणी दाखवत म्हणाले. मग म्हणाले, "आन हे बघ, अंजे. परीक्षा झाली की तुला आजीकडं कवठ्याला धाडतो. तिथल्या शाळंत जा. तू हायवे वलांडत्यास आन माजा जीव हितं खाली-वर हुतोय."

"आबा, मला हीच शाळा पायजे."

"रस्ता काय माजं ऐकतुया व्हय?"

अंजनाच्या हातातली सुई घसरली. एक टाका वाकडा पडला. तो अजून तसाच आहे.

सोमवारी एसटीत तिने धैर्यशीलला गाठलं. त्याचं भाषण होतं चिंचमळ्याच्या हायवेवर, शाळेजवळ भुयारी मार्ग हवा म्हणून. घरच्यांना नंतर चकित करायचं, म्हणून त्याने ते कुणालाच, अगदी मॅडमनाही ऐकवलं नव्हतं, पण एसटीत तो ते पुटपुटत होता.

"धैर्या, आपला गाव सांगली मतदारसंघात न्हाई. ही लोकर बघ."

"तू कवठ्याची. आमच्या वाळव्याचं तुला काय म्हाईत? आमच्या सातबाऱ्यावर जिल्हा सांगलीच लिवलाय!"

"जिल्हा सांगलीच हाय रं, पर..."

"तू काठी धर फक्त. सरळ धर."

मॅडम स्कूटीवर पुढे गेल्या होत्या. अंजनाने माझी काठी सरळ धरली.

कॉलेजचा हॉल गच्च भरलेला. अध्यक्षांच्या खुर्चीत एक प्राध्यापिकाबाई, नाकावर चष्मा, हातात घंटा. धैर्यशील उठला. काय आवाज, वा! "अध्यक्ष महोदया, मी सांगलीचा खासदार या नात्याने चिंचमळा गावाचा ज्वलंत प्रश्न..."

घंटा वाजली. "सन्माननीय सदस्य, चिंचमळा कुठल्या तालुक्यात आहे?"

"वाळवा, महोदया!"

"मग तो तुमच्या मतदारसंघात नाही. प्रश्न फेटाळला आहे. खाली बसा."

हॉलमध्ये हशा पिकला. धैर्यशीलचे ओले केस एकदम सुकल्यासारखे दिसले. मॅडमनी कपाळाला हात लावला. पण मग त्याने जे केलं त्यासाठी मी त्याला सगळं माफ केलं. तो माझ्यापाशी आला, अंजनाच्या हातातली काठी काढून घेतली आणि म्हणाला, "ऊठ की! खिसा तुजा हाय. मी धरतो."

"मला भाषण पाठ न्हाई."

"पाठ कशाला पायजे? रोज तूच वलांडत्यास न्हवं?"

अंजना पुढे झाली. पहिली दोन वाक्यं पुस्तकातल्यासारखी निघाली. "अध्यक्ष महोदया, मी हातकणंगल्याची खासदार. चिंचमळा माझ्या मतदारसंघात येतं." मग तिने माझ्यावरच्या काळ्या लोकरीवर बोट ठेवलं आणि तिची भाषा बदलली.

"ही रेघ मी काल शिवली. तवर मलाबी म्हाईत न्हवतं आमचं गाऱ्हाणं कुणाकडं न्यायचं. महोदया, आमच्या आबांची एकशेदहा मेंढरं हायती. ती हायवे वलांडायची असली की दोन माणसं लाल फडकी घिऊन उभी ऱ्हात्यात. एक ह्या अंगाला, एक त्या अंगाला. गाड्या थांबत्यात. आमी शाळंची एकोणीस पोरं रोज तोच रस्ता वलांडतो. मेंढरांना दोन माणसं हायती. आमाला एकबी न्हाई. तवा रस्त्याखालनं वाट पायजे. सायकल जाईल एवढी. बास."

मग कुठून तरी एक बाक वाजलं. मग दुसरं. मग सगळाच हॉल बाकं बडवायला लागला, अगदी संसदेत बडवतात तसा! धैर्यशीलला बाक नव्हतं म्हणून तो माझी काठीच जमिनीवर आपटत होता, आणि मी त्याच्याबरोबर वर-खाली, वर-खाली. माझ्या आयुष्यात मी इतका नाचलो नव्हतो!

साताऱ्यावर राजनंदिनीही छान बोलली, पण आमचा पहिला प्रश्न बाद झाला म्हणून बक्षीस दुसरं मिळालं. पण परतताना एसटीत जो दंगा झाला तो पहिल्याच नंबराचा होता.

दुसऱ्या दिवशी शाळेत सगळी हकिगत ऐकून शिपाई लालासाहेब मामा हसले. मामा माजी सैनिक. "आपलं मतदान हातकणंगल्यालाच हाय की. सोळा वर्षं करतुया."

"मग सांगितलं का नाही मामा?" मॅडम जवळजवळ रडकुंडीला आल्या.

"मला कुणी इचारलंच न्हाई. मी आपला घंटा वाजीवतो."

मग मुलांनी पत्र लिहिलं. या वेळी योग्य खासदारांना, योग्य मतदारसंघाचं नाव घालून, एकशेबारा सह्यांचं. धैर्यशीलचं अक्षर चांगलं, म्हणून लिहिलं त्याने आणि मजकूर सांगितला अंजनाने. पत्र दिल्लीच्या पत्त्यावर गेलंय. उत्तर अजून यायचंय. महिन्याभरात आलं नाही तर दुसरं पाठवायचं, असं वर्गाने ठरवलंय. भुयारी मार्ग काही एका पत्राने होत नसतो, हे मलाही कळतं.

पण मेंढरांचं ते वाक्य गावभर फिरलं. परवा सकाळी दहाला लालासाहेब मामा लाल फडकं घेऊन हायवेच्या अलीकडे जाऊन उभे राहिले. "फौजेत अख्खा ताफा पार करून दिलाय. एकोणीस पोरं म्हंजे काय!" आणि पलीकडे, दुसरं लाल फडकं घेऊन कोण उभं होतं, सांगू? सिद्धू. अंजनाचे आबा. मेंढरं त्यांनी तासभर भावाकडे सोपवली होती. गाड्या थांबल्या, एकोणीस मुलं ओळीने आली आणि सगळ्यांत शेवटी आबा स्वतः शाळेत शिरले. त्यांनी माझ्याकडे बघितलं, टोपी सारखी केली आणि मॅडमना म्हणाले, "पोरगी हितंच ऱ्हाऊ द्या. रोज मी हुबा ऱ्हातो."

अंजना माझ्यामागे लपून हसली. मला गुदगुल्या झाल्या!

तर मित्रांनो, तुमच्या शाळेतही माझ्यासारखा कुणी कपाटावर पडला असेल. त्याला खाली घ्या. ऊन दाखवा, कडुलिंबाचा पाला घालून ठेवा, आणि घडी करू नका, गुंडाळा. आमची एक रेघ कुरतडली गेली की अख्खं गाव चुकीच्या खिशात जाऊन बसतं. आणि तिकडे दिल्लीत ज्या अठ्ठेचाळीस खुर्च्या आपल्या आहेत ना, त्यांतली एक तुमच्या गावाचं ऐकून घ्यायला ठेवलेली आहे. ती कुठली, ते आजच घरी विचारा. शाळेतल्या मामांनाही विचारा. आणि एकदा कळलं की मग बिनधास्त उठा आणि बोला, पुस्तकातल्यासारखं नाही जमलं तरी चालेल.