खुणा घातलेली पुस्तकं

बसडेपोत त्यांना सगळे मिनिटकाका म्हणत. कुठली गाडी कधी सुटेल, कुठल्या थांब्यावर किती रेंगाळेल, चालकाला जेवायला केव्हा सवड मिळेल, हे सगळं आयुष्यभर त्यांनीच कागदावर बसवलं. जिथे कुणाला काही सापडणार नाही अशा फेरीतूनही ते दोन मिनिटं काढून दाखवत, म्हणून चालकांनी हे नाव ठेवलं होतं. निवृत्तीच्या दिवशी लोकांनी त्यांना भिंतीवरचं घड्याळ दिलं. सगळे हसले, तेही हसले.

त्यांची बायको मात्र कुठल्याच वेळापत्रकात बसणारी नव्हती. विशेषतः वाचनाच्या बाबतीत. भाजी शिजेपर्यंत एक पुस्तक, कपडे धुऊन होईपर्यंत दुसरं, उशीखाली तिसरं. कुठलंही मधूनच उघडायचं, आवडलं तर मागे जाऊन सुरुवात वाचायची, नाही तर सोडून द्यायचं. खूण म्हणून हाताला लागेल ते घालायची. केसांचा आकडा, गोळ्यांचं रिकामं पाकीट, एकदा तर चक्क कंगवा.

"अगं, एक तरी धड संपव," ते म्हणायचे.

"संपवायला ते काय औषध आहे?" ती म्हणायची आणि पान उलटायची.

एका सकाळी छातीत दुखतंय म्हणून तिला दवाखान्यात नेलं, ते तिला परत आणायला मिळालंच नाही. लेक परदेशातून आली, महिनाभर राहिली, चार वेळा "माझ्याकडे चला" म्हणाली आणि शेवटी रडत परत गेली. तिला विमानतळावर सोडून ते घरी आले. पाणी प्यायला स्वयंपाकघरात गेले, तर फडताळात बरण्यांच्या मागे एक पुस्तक आडवं पडलेलं दिसलं. मध्ये आकडा घातलेला.

मग त्यांनी घर धुंडाळलं. कपडे धुण्याच्या मशीनवर एक, सोफ्याच्या फटीत एक, गॅलरीतल्या कुंड्यांमागे ऊन खाऊन पिवळं पडलेलं एक. सगळी मिळून सात निघाली. एक वाचनालयाचं होतं, बाकीची वाचनालयाने रद्दीत काढलेली. ती तिने स्वस्तात उचलून आणली होती. प्रत्येकात खूण होती आणि प्रत्येक अर्धंच राहिलं होतं. सात पुस्तकं टेबलावर मांडून ते बराच वेळ बसून राहिले. तिचं वाचायचं राहून गेलं, हीच एक गोष्ट त्यांच्या मनात घोळत राहिली. आणि राहिलेलं काम पुरं करणं त्यांना चांगलं जमायचं.

दुसऱ्या दिवसापासून त्यांनी कंबर कसली. सकाळी फिरून आल्यावर दहा पानं, दुपारी झोपेआधी दहा. जिथे तिची खूण होती तिथून पुढे. वाचनाची त्यांना सवय नव्हती, त्यात अर्ध्यातून सुरुवात. एका जाडजूड कादंबरीत एकाच घराण्याच्या चार पिढ्या होत्या, आणि कोण कुणाचा काका, कोण कुणाचा पुतण्या, हे कळता कळता त्यांच्या नाकी नऊ आले. त्यानंतर एका धरण बांधणाऱ्या इंजिनियरचं चरित्र. त्यात सिमेंटवरच एक अख्खं प्रकरण होतं. डोळे मिटायला लागले की ते उठून तोंडावर पाणी मारायचे आणि परत येऊन बसायचे. बसताना सोफ्याची तिची, उजवी बाजू रिकामी सोडायचे. एखादं पुस्तक संपलं की ते हळूच म्हणायचे, "झालं गं हे."

कंटाळा येत होता, पण त्या वेळेची ते वाटही पाहायचे. घरातला तेवढाच वेळ त्यांना एकट्याचा वाटत नव्हता.

सातवं, वाचनालयाचं पुस्तक संपायला थंडी सरली. ते परत करायला आणि तिचं सभासदत्व बंद करायला ते निघाले. वाचनालय म्हणजे एका दवाखान्याच्या वरच्या मजल्यावरच्या दोन लांबट खोल्या. खिडकीपाशी वर्तमानपत्रांचं टेबल, दाराशी ग्रंथपालबाई. गळ्यात दोरीला अडकवलेला चष्मा आणि समोर अर्धा प्यालेला चहा. मिनिटकाकांनी ओळख सांगितली तशा त्या उभ्याच राहिल्या.

"बसा ना. फार वाईट वाटलं हो ऐकून. शुक्रवार आला की अजून दाराकडे बघते मी."

त्यांनी पुस्तक पुढे केलं. "उशीर झाला. तिचं अर्धं राहिलं होतं, ते पुरं करूनच आणलं."

बाईंनी पुस्तक उलटंसुलटं करून पाहिलं. "हे तुम्ही पूर्ण वाचलंत?"

"हे आणि घरातली बाकीची सहा." सांगताना त्यांचा आवाज जरा ताठ झाला. "ती चार पिढ्यांची कादंबरी, तो धरणवाला इंजिनियर..."

"अगं बाई!" ग्रंथपालबाईंच्या तोंडून निघून गेलं. मग त्यांनी ओठ आवळले, पण हसू काही लपेना. "माफ करा हां. पण इंजिनियर तर त्यांना अजिबात सोसला नव्हता. इथे उभं राहून मला सिमेंटच्या नकला करून दाखवल्या होत्या त्यांनी."

"पण खूण होती की आत."

"सोडलेल्या पुस्तकांत घालायच्याच त्या खूण. म्हणायच्या, एकदम बंद केलं तर बिचाऱ्याला वाटेल आपल्याला टाकलं. खूण असली म्हणजे आशा राहते."

मिनिटकाकांनी खिशातलं पेन काढून पुढे केलं. त्यांनी विचारलं, "मग तिला आवडलेली कुठली? मला लिहून द्याल? क्रमाने वाचतो."

"ती तुमच्या घरात नसणारच. एखादं आवडलं की कुणाला तरी वाचायला देऊन मोकळ्या व्हायच्या. रिक्षावाल्याला, दवाखान्यातल्या नर्सला, मलासुद्धा."

"मला कधी दिलं नाही."

बाईंनी चष्मा डोळ्यांवर चढवला आणि समोरचे कागद सारखे केले. मग त्या हळू आवाजात म्हणाल्या, "दिलं असेल हो. तुम्ही घेतलं नसेल."

ते उठले, पण जिन्यापर्यंत जाववेना. वर्तमानपत्रांच्या टेबलाशी एक खुर्ची रिकामी होती, तिच्यात बसले. इतके महिने सकाळ-दुपार आपण तिच्या शेजारी बसतोय असं त्यांनी धरलं होतं. ती तर तिथे नव्हतीच. त्या पुस्तकांतून ती केव्हाच उठून गेली होती, आणि मागे चार पिढ्या आणि सिमेंट घेऊन ते एकटेच बसले होते. त्यांना तिचा राग आला. ती गेल्यापासून पहिल्यांदाच. राग आल्यावर बरं वाटलं आणि बरं वाटल्याची लाज वाटली.

कुणाला काही दिसू नये म्हणून त्यांनी टेबलावरचं हाताला लागलं ते पुस्तक उघडून समोर धरलं. कुणीतरी वाचून तिथेच टाकलेलं. मधलंच पान होतं. एका घाटातल्या खानावळीच्या दोन मालकिणी, सख्ख्या बहिणी, एका शेळीवरून भांडत होत्या. शेळी कुणाची हे ठरवायला गावातला न्हावी बोलावलेला, आणि न्हाव्याचं बोलणं चालू असताना शेळी त्याचा परवाना खात होती. कोण कुणाचं, मागे काय घडलं, काही ठाऊक नव्हतं. ते वाचत गेले. धाकटी बहीण शेळीलाच साक्षीला उभी करते तिथे त्यांच्या तोंडून खो-खो हसू बाहेर पडलं. वर्तमानपत्रं वाचणाऱ्या दोघांनी माना वर केल्या.

हसता हसता ते उजवीकडे वळले. "अगं, हे बघ..." असं तोंडातून अर्धं बाहेरही आलं. उजवीकडे खिडकी होती.

त्यांनी ते पुस्तक घरी नेलं. तिचं सभासदत्व बंद करायचं राहिलं ते राहिलंच. बाईंनीही विषय काढला नाही. शुक्रवारी जाऊन ते दुसरं काहीतरी आणायचे, कधी कपाट न बघताच. एकदा मधमाश्या निघाल्या, एकदा पत्त्यांच्या जादू, एकदा कुणा परिचारिकेच्या आठवणी. त्या मात्र त्यांनी दोनदा वाचल्या. जे रुचायचं नाही ते सोडून द्यायचे. पहिल्यांदा सोडलं तेव्हा दिवसभर चुकल्यासारखं वाटलं, नंतर सवय झाली. वाचण्याची वेळ ठरलेली राहिली नाही. कधी सकाळचं फिरणं बुडायचं, कधी डाळ करपायची.

पण वाचलेलं सांगणार कुणाला, हे काही सुटलं नाही. रविवारी लेकीचा फोन आला तेव्हा त्यांनी मोठ्या हौसेने खानावळ, बहिणी, न्हावी असं सगळं सांगितलं. पलीकडे मूल रडत होतं, नळ वाहत होता.

"हं... हं... बरं बाबा, रक्तदाबाच्या गोळ्या घेताय ना?"

"घेतोय."

"नक्की?"

"नक्की गं."

त्यांनी फोन ठेवला. लेकीचं काही चुकलं नव्हतं. चांगलं सांगता येणंही एक कसब असतं आणि ते त्यांना नव्हतं.

शेळीचं पुस्तक त्यांनी नंतर दुकानातून मुद्दाम विकत घेतलं आणि तळमजल्यावरच्या शिंप्याला नेऊन दिलं. शिंपी पँट अल्टर करत होता. "वेळ मिळाला की बघतो काका," म्हणून त्याने ते मशीनशेजारी ठेवलं. पुढे किती तरी दिवस जाता-येता त्यांची नजर तिकडे जायची, पण विचारायचं धाडस होत नव्हतं. एक दिवस पुस्तक तिथे दिसलं नाही. मग त्यांनी विचारलंच.

"हिने नेलं वर. वाचून काढलं," शिंपी तोंडातल्या टाचण्या सांभाळत म्हणाला.

"मग? कसं वाटलं त्यांना?"

"ठीक आहे म्हणाली. फार काही नाही आवडलं. शेळीचं जरा ताणलंय म्हणत होती."

"ताणलंय?"

"तसं म्हणाली बुवा. आणून देतो उद्या."

"नको, राहू दे त्यांच्याकडे. पण सगळं वाचलं का त्यांनी?"

"सगळं. भाकरी करता करता."

ते जिना चढू लागले. ताणलंय म्हणे! त्यांना वाईट वाटलं, वाद घालावासा वाटला, मनातल्या मनात त्यांनी घातलाही. एका मजल्यावर थांबून श्वास घेतला. शिंप्याच्या बायकोशी ते कधी दोन शब्द बोलले नव्हते. गॅलरीत कपडे वाळत घालताना दिसायच्या तेवढंच.

घर त्यांनी सोडलं होतं तसंच होतं. खिडकीतून संध्याकाळचा उजेड सोफ्यावर आला होता. काल आणलेलं पुस्तक, कुठल्याशा बेटावर हवामानाच्या नोंदी ठेवणाऱ्या माणसाचं, त्यांनी मधूनच उघडलं आणि उभ्या-उभ्या दोन पानं वाचली. मग बसले. खाली शिलाई मशीन चालू-बंद होत राहिलं, नंतर शटर ओढल्याचा आवाज आला. अक्षरं पुसट व्हायला लागली. दिवा लावायला त्यांनाच उठावं लागणार होतं, दुसरं कुणी लावणार नव्हतं. त्यांनी पुस्तक खिडकीकडे कलवलं आणि पान संपेपर्यंत तसेच वाचत बसले.